वॉलपेपर काढलेल्या भिंतीवर रंग टिकत नाही? डबा उघडण्याआधी ओला हात फिरवा

आधी लक्षणं, कारण फोनवर मला पहिल्यांदा तीच विचारावी लागतात.

रोलर फिरवला की अर्ध्या तासात रुपयाएवढे फुगे येतात. वाळताना त्यातले काही बसतात, काही तसेच राहतात.

रंग वाळतो, रात्री छान दिसतो आणि सकाळी त्यावर बारीक जाळी उमटलेली असते. उन्हाळ्यात आटलेल्या तळ्याचा गाळ फुटतो, अगदी तशी.

एखाद्या कोपऱ्यात नख घातलं की रंगाचा वीतभर पापुद्रा अलगद हातात येतो. कधी त्याची मागची बाजू गुळगुळीत आणि चकचकीत असते, तर कधी तिला पांढरी पूड चिकटलेली असते. हा फरक लक्षात ठेवा, पुढे कामाला येईल.

भिंतीवर ठरावीक अंतराने उभ्या रेघा दिसतात. दिवसा दिसत नाहीत, ट्यूबलाइट लावली की दिसतात.

पिवळट-तपकिरी डाग तिसऱ्या हातानंतरही वर येतात. पावसाळ्यात कोपऱ्यात काळे ठिपके उठतात. रंग एकाच डब्यातला असूनही काही ठिकाणी चमक मारतो, काही ठिकाणी नाही.

ठाणे-डोंबिवली पट्ट्यात रंगकाम करताना या तक्रारी मी इतक्या वेळा ऐकल्यात की 'आम्ही आधी तिथे वॉलपेपर लावला होता' हे वाक्य समोरच्याच्या तोंडून यायच्या आत मीच विचारतो. हॉलमध्ये टीव्हीमागची भिंत, बेडरूममध्ये पलंगामागची. एके काळी घरोघरी हौसेनं लावलेले हे कागद आता जागोजाग उतरतायत. आणि दर वेळी दोष रंगाला दिला जातो. माझ्याकडे आलेल्या दहा भिंतींपैकी आठ-नऊ भिंतींत रंगाचा काही संबंध नव्हता. भिंतीवर न दिसणारा गोंद राहिलेला होता, एवढंच.

माझी स्वतःची पहिली चूक सांगतो. डोंबिवलीच्या एका काकूंचं घर. वॉलपेपर अख्खा निघाला, खालची भिंत पांढरीशुभ्र. मी खूश. पॉलिश पेपर मारला, वॉटर प्रायमर, दोन हात इमल्शन, म्हणजे पाण्यातला रंग. चौथ्या दिवशी फोन, "अहो दादा, तुमच्या रंगाला पापड सुटलेत." खरवडलं, पुन्हा लावला. पुन्हा पापड. तिसऱ्यांदा महागातला रंग आणला, स्वतःच्या खिशातून. त्यालाही पापड. शेवटी वैतागून भिंतीवर ओलं फडकं मारलं तर हात साबण लावल्यासारखा सरकला. वडील रंगारी होते, त्यांना संध्याकाळी सांगितलं. ते एवढंच म्हणाले, "धुतली होतीस का?" नव्हती.

हे का होतं ते समजून घेतलं की पुढच्या सगळ्या तपासण्या आपोआप कळतात. वॉलपेपरच्या खळीत बहुतेक वेळा स्टार्च किंवा मिथाइल सेल्युलोज असतं. दोन्ही पाण्यात फुगतात, वाळल्यावर आकसतात, आणि वाळल्यावर जवळजवळ पारदर्शक असतात. त्यामुळे भिंत डोळ्यांना स्वच्छ दिसते. त्यावर तुम्ही पाण्यातला प्रायमर किंवा इमल्शन लावलं की त्यातलं पाणी गोंद पुन्हा जागा करतं. गोंद फुगतो, तेव्हा फुगे येतात. मग वाळताना आकसतो आणि वरचा कोवळा रंग ओढून फाडतो, ती जाळी. आणखी एक हात मारला की आणखी पाणी. म्हणून 'अजून एक कोट मारून बघू' हा या दुखण्यावरचा सगळ्यात वाईट इलाज आहे.

आता तपासण्या. फुकटातल्या आधी.

पहिली, सुटलेला पापुद्रा उलटा करून बघा. मागची बाजू गुळगुळीत, चकचकीत आणि ओल्या बोटाला चिकट लागत असेल तर गोंद. मागे पांढरी पूड किंवा पांढरा थर आला असेल तर रंग व्यवस्थित चिकटलाय, खालची पुट्टी किंवा डिस्टेंपर भिंतीला सोडतोय. हे दुसरं दुखणं आहे आणि त्याचा इलाज वेगळा. मागे कागदाचे तंतू असतील तर वॉलपेपरचा खालचा पातळ अस्तराचा कागद भिंतीवरच राहून गेलाय. विनाइलचा वॉलपेपर सोलताना वरचं प्लास्टिक निघतं आणि हा पांढरा कागद मागे राहतो. तो इतका पुट्टीसारखा दिसतो की जुने पेंटरही फसतात. संशय आला तर ओला स्पंज लावा. कागद गडद होतो आणि कडेनं उचलतो, पुट्टी उचलत नाही.

दुसरी, टेप घेऊन उभ्या रेघांमधलं अंतर मोजा. नेहमीचा रोल ५३ सेंटीमीटर रुंद असतो, म्हणजे साधारण २१ इंच. रुंद रोल १०६ सेंटीमीटरचा, म्हणजे साडेतीन फुटांच्या आसपास. तुमच्या रेघा याच अंतरावर असतील तर त्या भिंतीला गेलेल्या चिरा नव्हेत, वॉलपेपरचे जोड आहेत. बऱ्याचदा लावणारा जोडावर दोन पट्टे एकमेकांवर चढवतो आणि पातं दाबून दोन्ही एकदम कापतो. पातं कागद कापून पुट्टीतही शिरतं. शिवाय कडा उचलू नये म्हणून तिथे गोंद जास्त थापलेला असतो. म्हणजे जोडावर खाचही आणि गोंदही. एका गृहस्थांनी या रेघा 'बिल्डिंगला तडे गेलेत' म्हणून सोसायटीच्या सभेत मांडल्या होत्या. मी टेप लावून दाखवला, २१, २१, २१. रेघा आडव्यातिडव्या किंवा खिडकीच्या कोपऱ्यातून तिरक्या जात असतील तर मात्र ती वेगळी गोष्ट, तिच्याबद्दल शेवटी.

तिसरी तपासणी सगळ्यात महत्त्वाची, आणि तिला फक्त पाणी लागतं. तळहात ओला करून भिंतीवर हातभर जागेत दहा-बारा वेळा गोल फिरवा. मग मिनिटभर थांबून पुन्हा फिरवा. हात सरकत असेल, बोटांमध्ये बुळबुळीत लागत असेल, फेसासारखं पांढरं काही येत असेल तर गोंद आहे. आता हेच त्याच खोलीतल्या, कधीच वॉलपेपर न लागलेल्या भिंतीवर करा. ही तुलना चुकवू नका, कारण पुट्टीतसुद्धा थोडं सेल्युलोज असतं आणि पीओपी ओला झाला की गुळगुळीतच लागतो. दोन्ही भिंती सारख्याच लागल्या तर गोंद नाही. वॉलपेपरवाली भिंत जास्त सरकत असेल तर आहे. एका जागी नको, निदान पाच-सहा जागी बघा. छताजवळ, स्कर्टिंगजवळ, जोडाच्या रेघेवर आणि स्विचबोर्डापासून हातभर लांब. गोंद सगळीकडे सारखा नसतो. छताजवळ आणि जोडावर हमखास जाड.

ओल्या हातानं काही कळत नसेल तर औषधाच्या दुकानातून टिंक्चर आयोडिनची छोटी बाटली आणा. चार थेंब पाण्यात टाकून कापसानं भिंतीला पुसा. निळा-काळा रंग आला तर स्टार्चची खळ. तपकिरीच राहिला तर स्टार्च नाही, पण याचा अर्थ गोंदच नाही असा होत नाही. मिथाइल सेल्युलोजला आयोडिन निळं करत नाही. म्हणून ही तपासणी 'आहे' सांगते, 'नाही' सांगत नाही. पुसलेली जागा नंतर धुवा, नाहीतर डाग वर येईल.

तिसरा एक प्रकार आपल्याकडे जास्त सापडतो. लावणाऱ्यानं खळीत सुतारकामाचा पांढरा गम मिसळलेला असतो, कागद पावसाळ्यात सुटू नये म्हणून. हा वाळल्यावर साध्या पाण्यात विरघळत नाही. ओळखायची खूण अशी, की फडकं ओलं करून दहा मिनिटं भिंतीला चिकटवून ठेवा. काढल्यावर तिथला पारदर्शक थर दुधाळ पांढरा झाला असेल आणि नखाला रबरासारखा लागत असेल तर गम. अशी भिंत बघितली की मी कामाचे दिवस दुप्पट सांगतो.

आता पुट्टी धरून आहे का ते बघू. कोरडा तळहात घासा. हात पिठात घातल्यासारखा पांढरा होत असेल तर खाली जुना डिस्टेंपर किंवा कच्ची पुट्टी आहे. मग कटरनं भिंतीवर दोन इंचांची फुली मारा, त्यावर चिकटपट्टी घट्ट दाबून झटक्यात ओढा. पट्टीबरोबर पुट्टीची खपली आली तर वर तुम्ही काय लावता याला अर्थ उरत नाही. भिंत धरत नसेल तर रंग कुणाला धरणार? अशा वेळी सुटणारा भाग पत्र्यानं, म्हणजे रंगाऱ्याच्या चपट्या खरवडणीनं, खरवडून घट्ट कडेपर्यंत जायचं. घट्ट कड सापडतच नसेल तर अख्खी भिंत खरवडायची. हे काम कुणालाच आवडत नाही, पण ते टाळून मी स्वतः दोनदा तोंडघशी पडलोय.

बोटाच्या पेरानं भिंत ठोकत जा. घट्ट भिंत टणक वाजते, सुटलेला गिलावा भदभद वाजतो. अशा जागांवर खडूनं गोल करा. एखाददुसरा तळहाताएवढा गोल चालतो.

ओलीची तपासणी वेळखाऊ आहे पण खर्च शून्य. फूटभर पारदर्शक प्लास्टिकचा तुकडा चारही बाजूंनी टेपनं भिंतीला हवाबंद चिकटवा आणि दिवस-रात्र तसाच ठेवा. दुसऱ्या दिवशी प्लास्टिकच्या आतल्या, म्हणजे भिंतीकडच्या बाजूला पाण्याचे थेंब असतील किंवा भिंत गडद झाली असेल तर ओल भिंतीतून येतेय. बाहेरच्या बाजूला ओलावा असेल तर तो खोलीतल्या दमट हवेचा. हे वॉलपेपरच्या बाबतीत जास्त जरुरीचं आहे, कारण विनाइल म्हणजे भिंतीला घातलेला रेनकोट. वर्षानुवर्षं आतली ओल त्यानं लपवलेली असते. कागद काढेपर्यंत घरातल्यांना पत्ताच नसतो. पश्चिमेच्या, पाऊस झोडपतो त्या भिंतीवर आणि बाथरूमला लागून असलेल्या भिंतीवर ही तपासणी मी न सांगता करतो.

तपासण्या झाल्या, आता दुरुस्ती. यात धुणं हे खरं काम, बाकी सगळं त्याच्या मागून येतं.

दोन बादल्या घ्या. एकीत कोमट पाणी आणि भांड्यांच्या साबणाचे चार थेंब, दुसरीत साधं पाणी. झाडांवर फवारायचा छोटा पंप, मोठे स्पंज, रुंद पत्रा. जमिनीवर प्लास्टिक आणि वर जुन्या चादरी. नुसत्या प्लास्टिकवरून गोंदाच्या पाण्यात पाय घसरतो, मी आपटलोय. त्या खोलीचा एमसीबी बंद करा आणि स्विचबोर्डाच्या आसपास पंप मारूच नका, पिळलेल्या स्पंजनं पुसा.

पाणी उकळतं नको, कोमटच. 'जितकं गरम तितकं चांगलं' असं वाटतं, पण मिथाइल सेल्युलोजची गंमत उलटी आहे. ते गार पाण्यात विरघळतं आणि फार गरम पाण्यात गोळा होतं. शिवाय कढत पाण्यानं पुट्टीही मऊ पडते.

तीन फूट बाय तीन फूट एवढीच जागा एका वेळी. फवारा, दहा-पंधरा मिनिटं थांबा. हे थांबणं लोकांना जमत नाही. फवारतात आणि लगेच खरवडायला लागतात, मग पुट्टी सोलली जाते. गोंद भिजला की पत्रा भिंतीला जवळजवळ आडवा धरून हलकेच ओढा. राखाडी, शेंबडासारखा थर गोळा होईल, तो जुन्या वर्तमानपत्रावर पुसत चला. मग साबणाच्या पाण्याचा स्पंज, मग साध्या पाण्याचा. खालून वर धुवा. वरून खाली आलात तर कोरड्या भिंतीवर गोंदाचे ओघळ सुकतात आणि रंगानंतर तेच दिसतात. बादलीतलं पाणी बोटांना बुळबुळीत लागलं की फेका. तेच पाणी फिरवत राहिलात तर गोंद निघत नाही, फक्त भिंतभर सारखा पसरतो. एका दहा बाय नऊच्या भिंतीला मला बारा-पंधरा बादल्या लागतात. टँकरवर चालणाऱ्या सोसायटीत हे आधी विचारून घ्या, नाहीतर वॉचमनशी वाद.

कधी थांबायचं? ओला हात फिरवल्यावर घासून लख्ख धुतलेल्या ताटासारखा अडकत, कर्र आवाज करत सरकला की.

पीओपीच्या भिंतीला मात्र इतकं पाणी पाजू नका. नखानं सहज ओरखडा उठतो आणि ओलं झालं की मऊ पडतं, ही त्याची ओळख. तिथे फवारा हलका, जागा लहान, थांबणं पाच मिनिटं, फेऱ्या जास्त. आणि ऑफिस-फ्लॅटमधल्या पार्टिशनला जिप्सम बोर्ड असेल तर भिजवायचंच नाही. त्याच्या वरचा कागद हेच त्याचं बळ. कागद फाटून तपकिरी लव दिसत असेल तर सुटे तंतू कटरनं कापा, कोरड्यावरच ऑइल प्रायमरनं (त्याच्याबद्दल पुढे) बंद करा आणि मग पातळ पुट्टी ओढा. उघड्या तपकिरी कागदावर थेट इमल्शन लावलं की फुगे येणारच.

गमवाल्या भिंतीला पाणी पुरत नाही. भिजवून मऊ झालेला थर पत्र्यानं जितका निघेल तितका काढा, वाळल्यावर ८० नंबरच्या पॉलिश पेपरनं घासा, उरलेला प्रायमरखाली गाडा. शंभर टक्के निघत नाही, निघायची गरजही नाही, सुटा थर उरू नये एवढंच. इथे एक सावधगिरी. घर जुनं असेल आणि वॉलपेपरखाली ऑइल पेंट निघाला तर कोरडं घासू नका. घरगुती रंगातलं शिसं ९० पीपीएमपेक्षा जास्त नको, हा नियम आपल्याकडे १ नोव्हेंबर २०१७ पासून लागू झाला. त्याआधीच्या रंगात किती होतं ते कोण सांगणार? वॉटर पेपर ओला करून घासा, मास्क लावा, आणि त्या दिवशी लहान मुलं व गरोदर बाई त्या घरात नकोत.

काळ्या ठिपक्यांची बुरशी असेल तर एक भाग ब्लीच, दहा भाग पाणी, हातमोजे, खिडक्या उघड्या. दहा मिनिटांनी धुवून टाका. ब्लीच लावलेल्या भिंतीला व्हिनेगर, ॲसिड किंवा अमोनियावालं काहीही लावू नका, विषारी वायू तयार होतो. एकाच बादलीत दोन्ही तर कधीच नाही. आणि पांढरे, मिठासारखे भुरभुरीत स्फटिक दिसले तर ती बुरशी नव्हे, लोणा आहे. तो कोरड्या ब्रशनं झाडायचा. धुतलात तर क्षार विरघळून परत भिंतीत जातात.

आता वाळू द्या. मार्च ते मेमध्ये पंखा लावून दोन दिवस पुरतात. जुलैमध्ये मी आठवडा सांगतो आणि लोक तोंड वाकडं करतात. त्यांना प्लास्टिकचा तुकडा चिकटवून दाखवतो.

प्रायमरबद्दल माझं मत ठाम आहे, दुकानदार काहीही म्हणोत. वॉलपेपर काढलेल्या भिंतीला पहिला हात टर्पेंटाइनच्या सिमेंट प्रायमरचा, ज्याला आपण ऑइल प्रायमर म्हणतो. कितीही धुतलं तरी पुट्टीच्या छिद्रांत थोडा गोंद राहतोच. ऑइल प्रायमरमध्ये पाणी नाही, त्यामुळे तो गोंद जागा होत नाही, झाकला जातो. पिवळट-तपकिरी डागही त्यानं अडतात, वॉटर प्रायमरमधून ते विरघळून वर येतात. वास येतो, मान्य. दोन दिवस खिडक्या उघड्या ठेवा, स्वयंपाकघर जवळ असेल तर प्रायमर लावताना गॅस बंद. भिंत मात्र खडखडीत कोरडी हवी. ओल्या भिंतीवर ऑइल प्रायमर म्हणजे नवे फुगे, या वेळी खरोखरच तुमच्या चुकीचे. लाकडाचा किंवा लोखंडाचा प्रायमर शिल्लक आहे म्हणून लावू नका. सिमेंटच्या भिंतीत अल्कली असते, ती साध्या तेलाचा साबण करून टाकते. याच कारणानं गवंड्यानं नवा गिलावा भरला असेल तर त्या तुकड्याला महिनाभर तरी थांबा.

आणि क्रम उलटा. एरवी आपण आधी पुट्टी, मग प्रायमर करतो. इथे आधी ऑइल प्रायमर, मग जोडाच्या खाचा आणि खरवडलेले खड्डे भरायला ॲक्रिलिक पुट्टी, १८० नंबरचा पेपर, धूळ पुसून पुन्हा प्रायमर, मग रंग. पुट्टीतसुद्धा पाणीच असतं, ती थेट गोंदावर ओढली की तिलाही तेच पापड सुटतात. व्हाइट सिमेंटची पुट्टी ऑइल प्रायमरवर ओढू नका, ती चकचकीत थराला धरत नाही. चमकीचा प्रश्नही इथेच सुटतो, कारण तो भिंत कमीजास्त शोषत असल्यामुळे येतो.

पूर्ण भिंतीला रंग लावण्याआधी दोन फूट बाय दोन फूट जागेवर, जोडाची एक रेघ त्यात येईल अशी, प्रायमर आणि दोन हात रंग लावून दोन दिवस सोडा. मग फुली मारून चिकटपट्टी ओढा. टिकला तरच पुढे जा. मी ही जागा आधी ओलसर निघालेल्या, आता वाळलेल्या भागाजवळच निवडतो. हरायचंच असेल तर चार चौरस फुटांत हरलेलं बरं.

रंग आधीच लावून बसला असाल आणि पापड सुटले असतील तर वर काही लावू नका. सुटलेला रंग पत्र्यानं काढा, उरलेल्यावर पाणी फवारा. खाली गोंद असल्यामुळे चिरांतून पाणी शिरून बराचसा रंग आपणहून सुटतो, दुखण्याचा एवढाच काय तो फायदा. मग ओल्या हातापासून सुरुवात.

एक अपवाद. पावसाळ्यात नव्या इमल्शनवर मधासारखे तपकिरी, चिकट ओघळ येतात आणि लोक घाबरून मला फोटो पाठवतात. ओल्या फडक्यानं पुसल्यावर ते जात असतील आणि खालचा रंग शाबूत असेल तर तो गोंद नाही. हवा दमट असताना रंगातलेच काही साबणासारखे घटक वर येतात. पुसून टाका, एक-दोनदा पुन्हा येतील, मग थांबतील.

आता कुठे हात थांबवायचा ते सांगतो.

भिंत धुताना किंवा भिंतीला हात लावताना झिणझिणी आली, किंवा स्विचबोर्डाभोवतीचा भाग ओला दिसला तर तिथेच मेन स्विच बंद करून इलेक्ट्रिशियन. रंगाचा विषय त्या दिवसापुरता संपला.

प्लास्टिकखाली ओल सापडली आणि आठवडाभर वाळवूनही पुन्हा आली तर पाण्याचा उगम शोधल्याशिवाय पैसे घालू नका. वरच्या बाथरूमखाली असेल तर प्लंबर. बाहेरच्या भिंतीतून किंवा गच्चीतून पावसाचं पाणी येत असेल तर सोसायटीला लेखी पत्र द्या. गृहनिर्माण संस्थांच्या आदर्श उपविधींप्रमाणे ती दुरुस्ती संस्थेनं करायची असते. 'आतून वॉटरप्रूफ रंग मारून टाका' म्हणणाऱ्याचं ऐकू नका. पाणी थांबत नाही, फक्त दोन फूट बाजूला जाऊन निघतं.

तीन फूट बाय तीन फुटांपेक्षा जास्त बुरशी असेल, किंवा घरात दम्याचा पेशंट असेल, तर स्वतः खरवडू नका.

भदभद वाजणारा भाग परातीपेक्षा मोठा असेल, किंवा डोक्याच्या वर असेल, तर गवंडी. ठोकून बघायला म्हणून जोर लावू नका, गिलाव्याचा तुकडा निखळला तर कपाळमोक्ष होतो.

खिडकीच्या किंवा दरवाजाच्या कोपऱ्यातून निघालेली तिरकी चीर, पेन्सिलचं टोक आत जाईल एवढी रुंद, किंवा बीम-कॉलमवर तांबूस डाग आणि लांबट चीर असेल तर पेंटर नको, गवंडीही नको, स्ट्रक्चरल इंजिनीअर. आतली सळई गंजली की फुगते आणि काँक्रीट फोडते. त्यावर पुट्टी भरून देणारे भेटतात. मीही सुरुवातीला एकदा भरून दिली होती. पुढच्या पावसाळ्यात चीर तिथेच होती आणि पुट्टी खाली फरशीवर.